बाद फेरीला घड्याळ हवं

माधव मंत्री यांचा जन्म नाशिकचा, १ सप्टेंबर १९२१ चा. सुनील गावसकरांचे मामा ही त्यांची आजची ओळख, पण स्वतः मंत्री यष्टिरक्षक-सलामीवीर म्हणून भारताकडून चार कसोटी सामने खेळले. त्यांच्या कारकिर्दीतली सर्वोच्च खेळी बरोबर २०० धावांची. ती त्यांनी मार्च १९४९ मध्ये पुण्यात केली, रणजी करंडकाच्या उपांत्य सामन्यात, मुंबईकडून आणि महाराष्ट्राविरुद्ध. क्रिकेटच्या नकाशात नाशिक महाराष्ट्राच्या संघटनेत येतं. जन्मगावाच्या संघालाच द्विशतकाचा तडाखा देणारा नाशिककर, असं कुणाला गमतीनं म्हणायचं असेल तर म्हणता येईल.

तो सामना सात दिवस चालला. मुंबईच्या पहिल्या डावात ६५१ धावा झाल्या, महाराष्ट्राच्या ४०७. आघाडी २४४ धावांची. आजचा कोणताही कर्णधार इथे फॉलोऑनचा विचार करील. मुंबई मात्र पुन्हा फलंदाजीला आली आणि ८ बाद ७१४ झाल्यावरच डाव सोडला. महाराष्ट्रापुढे लक्ष्य होतं ९५९ धावांचं. त्यांनीही काही हात टेकले नाहीत. चौथ्या डावात ६०४ धावा केल्या आणि सामना ३५४ धावांनी गमावला. दत्तू फडकर आणि उदय मर्चंट यांनी मुंबईसाठी, तर एम. आर. रेगे यांनी महाराष्ट्रासाठी दोन्ही डावांत शतकं ठोकली. सामन्यात एकूण शतकं नऊ, एकूण धावा २३७६. प्रथम श्रेणी क्रिकेटच्या एका सामन्यातला धावांचा हा विश्वविक्रम आहे.

त्याच मोसमात, त्याच महाराष्ट्र संघाच्या एका सामन्यात याहून प्रसिद्ध प्रकार घडून गेला होता. डिसेंबर १९४८, पुणे क्लबचं मैदान, समोर काठियावाड. काठियावाड २३८ धावांत आटोपला. मग कोल्हापूरचे भाऊसाहेब निंबाळकर खेळायला उतरले आणि बाद व्हायलाच तयार होईनात. के. व्ही. भांडारकरांनी २०५ धावा केल्या, दोघांची भागीदारी ४५५ धावांची झाली. निंबाळकर नाबाद ४४३ वर आणि महाराष्ट्र ४ बाद ८२६ वर असताना मधली सुट्टी झाली. डॉन ब्रॅडमन यांचा ४५२ धावांचा विक्रम मोडायला दहा धावा हव्या होत्या, म्हणजे फार तर दोन षटकांचं काम. काठियावाडचे कर्णधार, राजकोटचे ठाकोरसाहेब, यांनी मात्र डाव घोषित करा, नाहीतर आम्ही निघालो, असा पवित्रा घेतला. आणि ते खरोखरच निघाले. निंबाळकर ४४३ वरच राहिले. पुढे त्यांना एकही कसोटी खेळायला मिळाली नाही. कसोटी न खेळलेल्या फलंदाजाची प्रथम श्रेणी क्रिकेटमधली ही आजही जगातली सर्वोच्च धावसंख्या आहे.

या गोष्टीत ठाकोरसाहेबांना खलनायक करून सोडण्याची पद्धत आहे. सत्तर-पंच्याहत्तर वर्षं तेच चालू आहे. राजेशाही तोरा, दुखावलेला मान वगैरे असेलही. पण स्पर्धेची रचना कशी होती तेही पाहायला हवं. १९३४-३५ मध्ये सुरू झालेला रणजी करंडक १९५६-५७ पर्यंत निव्वळ बाद पद्धतीनं खेळवला गेला. हरलात की वर्ष संपलं. तालिकेत स्थान नाही, वाचवायचा गुण नाही, पुढचा सामना नाही. जवळजवळ सहाशे धावांनी मागे पडलेल्या संघाला मैदानावर थांबून मिळणार काय होतं? तिसऱ्या दिवशी उन्हात आणखी चेंडू टाकणं, एवढंच. स्पर्धेनंच काठियावाडला घरी जायला मोकळं केलं होतं.

मार्चमधल्या उपांत्य सामन्यात याच दुखण्याची दुसरी बाजू दिसते. एक पराभव म्हणजे शेवट आणि दिवस हवे तेवढे, असं असलं की शहाणा कर्णधार धोका कशाला पत्करील? तो धावांचा डोंगर रचतो आणि त्यावर आणखी एक डोंगर रचतो. विक्रमाच्या वहीत २३७६ हा आकडा दिमाखदार दिसतो, पण सातही दिवस तो खेळ पाहायला लावला तर किती जण शेवटपर्यंत बसतील, हा प्रश्नच आहे. अंतिम सामन्यातही मुंबईनं बडोद्याला ४६८ धावांनी हरवलं. या दोन्ही सामन्यांत चुरस कमी आणि धावा फार.

म्हणून ‘रणजी पुन्हा बाद पद्धतीनं खेळवा, बघा कशी गर्दी होते’ असं कुणी कट्ट्यावर म्हणू लागलं की १९४८-४९ चा मोसम आठवावा. १९५७-५८ पासून विभागवार साखळी आली, ते योग्यच झालं. चार दिवसांच्या क्रिकेटमध्ये तरुण खेळाडूला हंगामात एकच सामना मिळणं हा अन्याय आहे.

पण साखळीचाही अतिरेक होतो. २०२४-२५ चा मोसम घ्या. जानेवारी २०२५ मध्ये जम्मू-काश्मीरनं मुंबईला बीकेसीच्या मैदानावर पाच गडी राखून हरवलं. मुंबईच्या संघात रोहित शर्मा, यशस्वी जैस्वाल, अजिंक्य रहाणे, श्रेयस अय्यर होते आणि मुंबई आदल्या वर्षीची विजेती होती. बाद पद्धत असती तर त्या दिवशी देशभर गहजब झाला असता. साखळीत मुंबईनं पुढचे हिशेब जुळवले आणि उपांत्य फेरी गाठली. त्याच आठवड्यात नाशिकच्या हुतात्मा अनंत कान्हेरे मैदानावर, म्हणजे आपल्या गोल्फ क्लबवर, महाराष्ट्रानं बडोद्याला ४३९ धावांनी धुतलं. एवढा मार खाऊनही बडोद्याची आशा शिल्लक होती, शेवटच्या फेरीत जम्मू-काश्मीरकडून हरल्यावरच ती संपली. आणि महाराष्ट्र, एवढा मोठा विजय मिळवूनही, गटातून पुढे गेला नाही. गुणतालिकेच्या दृष्टीनं यात काहीच चूक नाही. मैदानावर येणाऱ्या माणसाला मात्र चौथ्या दिवशीच्या विजयाचं नेमकं मोल काय, हे कळायला गणिताची वही लागते.

साखळी संपून बाद फेरी सुरू झाली आणि तोच रणजी करंडक ओळखू येईना. उपांत्यपूर्व फेरीत केरळनं जम्मू-काश्मीरवर पहिल्या डावात आघाडी घेतली ती एका धावेची, २८१ विरुद्ध २८०. उपांत्य फेरीत गुजरातवर दोन धावांची, ४५७ विरुद्ध ४५५. गुजरातच्या शेवटच्या फलंदाजाचा फटका जवळ उभ्या क्षेत्ररक्षकाच्या हेल्मेटवर आदळून उडाला आणि स्लिपमध्ये झेल झाला. त्या तीन धावांच्या जोरावर केरळ इतिहासात पहिल्यांदा अंतिम फेरीत पोहोचला. इथे दिवस मोजलेले होते, सामना अनिर्णित राहिला तर निकाल कशावर लागणार हे ठरलेलं होतं, म्हणून प्रत्येक धावेला वजन आलं.

घड्याळावर चालणारी बाद फेरी दुसऱ्या खेळातही पाहता येते. इंग्लंडमध्ये रग्बी लीगची चॅलेंज कप स्पर्धा १८९६-९७ पासून बाद पद्धतीनं चालते. तिथली लीग वेगळी, गुणतालिका वेगळी, आणि हा चषक वेगळा. सामना ८० मिनिटांचा. छोट्या क्लबांनाही सुरुवातीच्या फेऱ्यांत प्रवेश असतो. १९८३ मध्ये फेदरस्टोन या खाणकामगारांच्या गावानं बलाढ्य हल संघाला १४-१२ असं हरवलं. १९९८ मध्ये शेफील्ड ईगल्सनं विगनला १७-८ नं धक्का दिला. २०२५ मध्ये हल किंगस्टन रोव्हर्सनं वॉरिंग्टनवर ८-६ असा विजय मिळवला, तोही शेवटच्या काही मिनिटांत, आणि चाळीस वर्षांचा मोठ्या करंडकाचा दुष्काळ संपवला. फेदरस्टोनसारखं गाव वर्षभराच्या लीगमध्ये अव्वल येणं अवघडच. एका दुपारी मात्र ते कुणालाही हरवू शकतं.

महाराष्ट्राला असाच एक चषक हवा आहे. रणजीची साखळी राहू दे, टी-२० ची लीगही राहू दे. त्यांच्या जोडीला पन्नास षटकांची, एका दिवसात निकाल लावणारी राज्य स्पर्धा असावी, तिच्यात सगळ्या जिल्ह्यांचे संघ आणि पुण्याचे मोठे क्लब एकाच मडक्यातल्या चिठ्ठ्यांनी एकमेकांसमोर यावेत. मानांकन नको. पुण्याच्या नामांकित क्लबची चिठ्ठी नंदुरबारसमोर निघाली तर निघू दे, आणि सामना नंदुरबारला होऊ दे. हा शेवटचा नियम सर्वात महत्त्वाचा. मोठ्या संघानं लहान गावात जायचं, उलट नाही. नाशिकनं सत्यजित बच्छाव, रामकृष्ण घोष यांच्यासारखे खेळाडू राज्याच्या संघाला दिले आहेत. आपल्या गावातल्या मैदानावर ते हरले तर बाद होतील अशा सामन्यात खेळताना दिसले, तर गोल्फ क्लबच्या कडेला उभं राहायला जागा मिळणार नाही.

यावर जुना आणि रास्त आक्षेप येईल, की एका सामन्यासाठी पंधरा पोरं एसटीनं दूरवर जाणार आणि संध्याकाळी हरून परतणार. त्यावर उपायही जुनाच आहे. पहिल्या फेरीत हरलेल्यांसाठी स्वतंत्र प्लेट गट ठेवावा, म्हणजे प्रत्येकाला किमान दोन सामने मिळतात. पैशाचा प्रश्न आहेच, पण जिथे प्रक्षेपणाचा खर्च नाही आणि बहुतेक जिल्ह्यांत मैदानं आधीच आहेत, तिथे मुख्य खर्च प्रवास, पंच आणि चेंडूंचा.

खरी अडचण तारखांची आहे. जून ते सप्टेंबर पाऊस, ऑक्टोबरपासून रणजी आणि मर्यादित षटकांच्या राष्ट्रीय स्पर्धा, मार्चअखेर आयपीएल. उरतो तो एप्रिल-मेचा काळ. आयपीएलमध्ये राज्याचे मोजकेच खेळाडू असतात, बाकीचे मोकळे असतात, शाळा-कॉलेजांना सुट्ट्या लागतात. ऊन कडक असतं, म्हणून सामना सकाळी सातला सुरू करावा. चार-पाच रविवारांत स्पर्धा आटोपते, आणि पहिल्या फेरीच्या चिठ्ठ्या काढण्याचा कार्यक्रम पुण्याऐवजी एखाद्या जिल्ह्याच्या ठिकाणी ठेवायचा तर नाशिकला हॉलची कमतरता नाही.