दौंडच्या डॉक्टरांचे चित्रपट

मैत्रिणींनो, दौंड म्हटलं की तुम्हांला जंक्शन आठवतं. सोलापूरची गाडी, मनमाडची गाडी आणि फलाटावरचा चहा! पण मराठी चित्रपटांशीही आमच्या गावाचं नातं आहे, बरं का. डॉ. जब्बार पटेल हे मुळात लहान मुलांचे डॉक्टर. दवाखाना दौंडला आणि नाटकाच्या तालमी पुण्याला, अशी त्यांची तारेवरची कसरत. १९७२ साली त्यांनी तेंडुलकरांचं ‘घाशीराम कोतवाल’ बसवलं आणि पुण्यात केवढं वादळ उठलं! मग चित्रपट आले. ‘सामना’मध्ये साखर कारखानदार, ‘जैत रे जैत’मध्ये डोंगरातले ठाकर, ‘सिंहासन’मध्ये मंत्र्यांच्या खुर्च्या. शेजारी ऊस आणि कारखाना असलेल्या आपल्यासारख्यांना ‘सामना’ वेगळा समजावून सांगायला नको.

मी शाळेत इतिहास शिकवते. मुलींना वाटतं, इतिहास म्हणजे लढाया, तह आणि सनावळ्या. घरात जे सोसलं जातं ते कुठल्या धड्यात येतं, सांगा बरं? म्हणून मला त्यांचा ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ फार मोलाचा वाटतो. २००० साली तो पडद्यावर आला. मूळ इंग्रजीत आहे, आणि बाबासाहेब झालेत केरळचे मामूट्टी. त्यांना ह्या कामासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. महाडचं चवदार तळं, गांधीजींशी झालेले वाद, घटना, सगळं त्यात आहे. पण माझं लक्ष रमाबाईंवर खिळलं. ती भूमिका सोनाली कुलकर्णीनं केली आहे. बाबासाहेब परदेशी शिकत होते तेव्हा मुंबईत संसार कुणी रेटला? पाच मुलांपैकी चार डोळ्यांदेखत गेली. १९३५ साली रमाबाईही गेल्या. त्या घटनेच्या पानांमागे ह्या बाईची चूलही आहे, हे मुलींना सांगायला हवं.

‘उंबरठा’ची गोष्ट निराळी. १९८२चा हा चित्रपट शांता निसळ यांच्या ‘बेघर’ कादंबरीवरचा. खाऊनपिऊन सुखी घरातली सुलभा, म्हणजे स्मिता पाटील, मुलीला सासरी ठेवून लांबच्या महिलाश्रमात नोकरीला जाते. परत येते तर नवरा दुसरीत गुंतलेला. ती पुन्हा घर सोडते. “पोरीला टाकून गेली!” असं म्हणणाऱ्या बायका मला आजही भेटतात. मला विचाराल तर मुलीसाठी माझाही जीव तुटतो. पण नोकरीसाठी बाप परगावी राहिला, तर त्याला “टाकून गेला” असं कुणी म्हणतं का हो?

आंबेडकरांचा चित्रपट तीन तासांचा आहे, तेव्हा सुट्टीत दोन दुपारी मिळून मुलांना दाखवा. हाताशी शेंगा असू द्या, म्हणजे धाकटी उठत नाहीत. ‘उंबरठा’ मात्र रात्री निजानीज झाल्यावर यजमानांबरोबर पाहा. सुलभेचं चुकलं का, हे आधी त्यांना विचारा, मग तुमचं सांगा.