महाप्रसादाचे पावित्र्य आणि नोरोव्हायरस

उत्सवात महाप्रसादाची पंगत बसते, तेव्हा सोवळ्याइतकीच दक्षता एका अदृश्य शत्रूविषयीही हवी. २०२१ साली केरळातील वायनाड जिल्ह्यात एका पशुवैद्यक महाविद्यालयातील १३ विद्यार्थ्यांना उलट्या-जुलाबांनी ग्रासले. कारण ठरला नोरोव्हायरस. रुग्णाच्या मलातून व उलटीतून बाहेर पडलेले त्याचे अत्यल्प कणही अन्न, पाणी वा हातांवाटे दुसऱ्यास बाधतात. हातांना सॅनिटायझर चोळून तो पुरता नष्ट होत नाही. साबण व वाहते पाणी हाच भरवशाचा उपाय. व्याधी थांबल्यावरही किमान दोन दिवस आचाऱ्याने वा वाढप्याने पाकशाळेत पाऊल टाकू नये. सेवा चुकली अशी खंत नसावी. भाविकांच्या आरोग्यासाठी दूर राहणे, हीही सेवाच होय.