न गळण्याचं भाडं

आमचे घरमालक या सदराच्या जुन्या वाचकांना ठाऊक आहेत. विहिरीच्या पंपाचं बिल सगळ्या बिऱ्हाडांत वाटताना स्वतःच्या बागेचं पाणी ‘देवाच्या फुलांसाठी’ म्हणून ज्यांनी हिशेबातून वगळलं होतं, तेच अण्णा. माणूस वाईट नाही. गणपतीत मोदक येतात, तापाबिपात काकू पेज घेऊन येतात. पण वही उघडली की अण्णांच्या अंगात कोणीतरी दुसराच येतो.

या आठवड्यात वही उघडली. मे महिन्यात अण्णांनी आमच्या डोक्यावरची मंगलोरी कौलं उतरवून निळा पत्रा चढवला होता. परवा पहिली चांगली सर येऊन गेली आणि संध्याकाळी अण्णा पडवीत येऊन टेकले. चहा झाला. मान वर करून त्यांनी पत्रा डोळे भरून पाहिला.

“काय, गळत नाही ना आता?”

“नाही हो, अजिबात नाही.”

“मग पुढच्या महिन्यापासून दीड हजार वाढवून द्या. घरात सुधारणा झाली.”

म्हणजे इतकी वर्षं आम्ही देत होतो ते गळण्याचं भाडं. न गळण्याचं निराळं.

खरं तर कौलं गेली ती वानरांमुळे. रत्नागिरीत कौलारू घरात राहणाऱ्याला हे समजावून सांगायला नको. आंब्याच्या दिवसांत अख्खा कळप एका फांदीवरून थेट माजघराच्या डोक्यावर उतरतो, आणि पिल्लू जरा धडपडलं तरी दोन-चार कौलं जातात. पूर्वी आगोटीला गडी यायचा, कौलं परतायचा, फुटकी बदलायचा, कोने नीट बसवायचा, आणि मृगाला आपण निर्धास्त. आता तो गडी मिळत नाही. मिळालाच तर त्याची मजुरी ऐकून अण्णांना घेरी येते. म्हणून पत्रा. तो चढवल्यापासून सर आली की घरात बोलणं खुणांनी चालतं. बातम्या बघायच्या, ऐकायच्या नाहीत. त्यात नुकसान काही नाही, हे मान्य. पण दुपारी ऊन पडलं की त्याच पत्र्याखाली पापड भाजून निघतील. मी अण्णांना म्हटलं, सुधारणेचे दीड हजार तुम्ही घ्या, आवाजाचे आणि उकाड्याचे मी कापून घेतो. ते हसले नाहीत.

शिवाय उतरवलेली कौलं गेली कुठे? तर समुद्राकडच्या एका होमस्टेवाल्याने ती उचलली. पुण्या-मुंबईच्या पाहुण्यांना कौलारू घर लागतं. तिथे कौलं चढली म्हणून खोलीचं भाडं वाढलं, इथे उतरली म्हणून आमचं. कौलांचे पैसे अण्णांच्या वहीत कुठल्या पानावर जमा झाले, हे विचारल्यावर त्यांना एकदम संध्याकाळच्या आरतीची आठवण झाली.

कायदा थोडक्यात सांगतो. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999 चा, लागू झाला 31 मार्च 2000 पासून. त्याप्रमाणे भाडेकरूचं भाडं वर्षाला चार टक्के वाढवता येतं. आमच्या साडेतीन हजारांवर ते होतात 140 रुपये. सुधारणेसाठी वेगळी वाढ मिळते, पण त्या कामाला सत्तर टक्के भाडेकरूंची लेखी संमती लागते. चार बिऱ्हाडं असतील तर तिघांची सही. त्यातही वाढ खर्चाच्या पंधरा टक्क्यांच्या वर नाही; लाखाचं काम असेल तर वर्षाला पंधरा हजार. आणि घर राहण्याजोगं ठेवणं हे मालकाचं कर्तव्यच आहे. तो करत नसेल तर पंधरा दिवसांची नोटीस देऊन भाडेकरूने दुरुस्ती करावी आणि खर्च भाड्यातून वळता करावा, मात्र वर्षाच्या भाड्याच्या चौथ्या हिश्शापर्यंतच. आता वानरांनी फोडलेलं छप्पर बदलणं ही दुरुस्ती की सुधारणा, यावर दोन वकील आरामात दहा वर्षं काढतील. अकरा महिन्यांच्या लिव्ह अँड लायसन्सवर राहणाऱ्यांनी मात्र यातलं काहीच मनावर घेऊ नये. त्यांना हे चार टक्के लागू नाहीत. करारात असेल ते, आणि करार संपला की अण्णा म्हणतील ते.

मालकाने मनापासून सुधारणा केली आणि भाडं मागितलं नाही, असा रत्नागिरीचा बिऱ्हाडकरू मला एकच आठवतो: थिबा राजा. इंग्रजांनी 1885 साली त्याला मंडालेहून उचललं, मद्रासमार्गे 1886 मध्ये आमच्या गावात आणलं आणि बंगल्यांत ठेवलं. मालक सरकार, भाडेकरू ब्रह्मदेशचा राजा, आणि घर सोडून जायची दोघांनाही सोय नाही. जागा बदलून मिळायला किती काळ लागावा? भाट्ये खाडीवरच्या टेकडीवरचा तो राजवाडा, अर्धगोल खिडक्यांचा आणि रंगीत काचांचा, राजाला मिळाला 1910 साली. चोवीस वर्षं! आमच्या अण्णांनी पत्र्याला तेवढी लावली नाहीत, हे कबूल करायला हवं. राजा तिथे जेमतेम सहा वर्षं राहिला; 1916 मध्ये गेला. कुटुंब ब्रह्मदेशी परतलं. थोरली राजकन्या मात्र पुन्हा रत्नागिरीत आली आणि तिची मुलगी टूटू इथेच साध्या घरात संसार करून पुरती रत्नागिरीकर झाली. राजवाडा बघायला पाहुण्यांना नेतो तेव्हा माझं लक्ष काचांकडे कमी आणि छपराकडे जास्त असतं. अजून कौलारू आहे. वानरं तिथेही येतात.

मालकांची बाजू नाहीच असंही नाही. 1947 च्या मुंबई भाडे कायद्याने कित्येक घरांची भाडी सप्टेंबर 1940 च्या आकड्यावर गोठवून ठेवली होती. शेवटी 1997 साली सर्वोच्च न्यायालयाने ते गोठवणं अवाजवी ठरवलं, तेव्हा कुठे नवा कायदा आला. तोवर पंचवीस रुपये भाड्यात वासे कोण बदलणार? अण्णांच्या वडिलांनी ते दिवस काढले आहेत, आणि अण्णांची वही तिथूनच सुरू झालेली आहे. त्या पिढीचा राग आमच्या पिढीकडून वसूल करायचा, एवढंच मला पटत नाही.

यंदा गावात निळे पत्रे पुष्कळ चढले आहेत. तुमच्याही डोक्यावर चढला असेल आणि चहाला कोणी अण्णा येऊन टेकले, तर आधी पत्र्याचं बिल बघायला मागा, विकलेल्या कौलांची किंमत त्यातून वजा करायला लावा, शेजारच्या बिऱ्हाडांनी सह्या दिल्यात का विचारा. आणि जे काही द्याल त्याची पावती घ्या. ती देणं मालकावर कायद्याने बंधनकारक आहे.