सोंगातल्या रुग्णाचा शेरा

धडधाकट माणसाला आजाऱ्याची भूमिका पढवून वैद्यकीच्या विद्यार्थ्यासमोर बसवावे, ही कल्पना प्रथम ऐकणाऱ्यास पोरखेळाची वाटते. आणि ज्या देशात शासकीय रुग्णालयाच्या ओपीडीबाहेर भल्या सकाळपासून खरे रुग्ण केसपेपरसाठी ताटकळत उभे असतात, तेथे सोंग घेतलेल्या रुग्णावर पैसा का खर्चावा, हा अनुभवी प्राध्यापकांचा आक्षेप सकृद्दर्शनी बिनतोडही भासतो. मला मात्र तो मान्य नाही. खरा रुग्ण विद्यार्थ्याला आपला देह, आपली हकीकत आणि आपला वेळ असे सारे काही देतो. त्या विद्यार्थ्याच्या वागणुकीविषयीचा आपला अभिप्राय तेवढा तो देत नाही, कारण ज्याच्या हाती उपचार आहेत त्याची तक्रार त्याच्याच तोंडावर करण्याची छाती आपल्याकडे कोणत्या गरिबाला होणार?

या पद्धतीचे जनक हॉवर्ड बॅरोज यांना हे मर्म एका खऱ्या रुग्णानेच दाखवून दिले होते. मज्जासंस्थेच्या तज्ज्ञांच्या परीक्षेसाठी बसविलेल्या या गृहस्थाने परीक्षा आटोपल्यावर त्यांना सांगितले, की एका उमेदवाराने आपणांस फार दांडगाईने हाताळले, सबब आपणही त्याची खोड मोडली : तळपाय खरवडल्यावर जे लक्षण एका पायात दिसायचे ते मुद्दाम दुसऱ्या पायात दाखविले आणि संवेदनेच्या खुणाही बदलून टाकल्या! पुढे १९६३ मध्ये लॉस एंजेलिस येथील सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठात बॅरोज यांनी एका मॉडेल स्त्रीला पाय लुळे पडलेल्या रुग्णेची भूमिका शिकविली, आणि प्रत्येक तपासणीनंतर विद्यार्थ्याने काय केले व काय राहून गेले याची नोंद तिच्याकडून घेतली. हॉलिवूड शेजारीच असल्यामुळे थट्टा व्हायची ती झाली; पद्धत मात्र टिकली.

डोळ्यांवर पट्टी बांधून घटकाभर चालणे, अंगावर जड पोशाख चढवून वार्धक्य अनुभवणे, हे स्वतःच सोंग घेण्याचे जे प्रयोग हल्ली समानुभूतीच्या नावाने चालतात, त्यांच्याविषयी मी साशंक आहे. घटकाभराचा आंधळा केवळ ठेचकाळतो; वर्षानुवर्षांच्या सवयीने अंध माणूस जे कौशल्य मिळवितो, त्याचा त्याला पत्ताही लागत नाही. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकन अभ्यासात असा अनुभव घेतलेल्यांनी अंध व्यक्तींची कर्तबगारी इतरांपेक्षा कमीच लेखली, याचे म्हणूनच नवल वाटत नाही.

याउलट पुढील प्रसंग पाहा. मधुमेहाने पायाला जखम झालेल्या आजीची भूमिका करणारी बाई खाटेवर बसली आहे; विद्यार्थी येतो, कागदावरची मान वर न करता ‘पाय दाखवा’ म्हणतो, आणि ‘सून घाण वास येतो म्हणते हो’ हे तिचे वाक्य पुरे होण्याआधीच ‘साखर कधी तपासली होती?’ असे विचारतो. तपासणी संपताच ती बाई आजीपण उतरवून शांतपणे म्हणते, ‘सुनेचं सांगितलं तेव्हा तुम्ही लिहीत होता, म्हणून रात्री झोप लागत नाही हे मी सांगितलंच नाही.’ ज्या रुग्णाने काही दडविले त्यानेच ते का दडविले हे समजावून सांगावे, हा योग वॉर्डाच्या राऊंडवर येत नाही.

फिलाडेल्फियाच्या जेफर्सन वैद्यकीय महाविद्यालयातील २००९ च्या पाहणीत विद्यार्थ्यांची समानुभूती तिसऱ्या वर्षी, म्हणजे रुग्णांशी नित्य संबंध येऊ लागताच, ओसरलेली आढळली. गर्दी आपोआप माणुसकी शिकविते ही समजूत खोडून काढण्यास तेवढा पुरावा पुरेसा आहे. आपल्याकडेही वृत्ती, नीती आणि संवाद यांचा पाठ २०१९ पासून अभ्यासक्रमात समाविष्ट झाला आहे, परंतु लॉगबुकात सही झाली की विषय संपला, ही आपली दफ्तरी वृत्ती त्याला गिळून टाकील अशी धास्ती वाटते. सरावासाठी यंत्रमानवी पुतळे खरेदी करण्याची तजवीज सोपी, कारण त्यांची निविदा काढता येते व नोंदवहीत आकडा चढतो; माणसाच्या मानधनाला मात्र कोणते लेखाशीर्ष लावावे, येथेच कारकुनी अडते. राज्य नाट्यस्पर्धेत उतरणारे हौशी कलावंत गावोगाव आहेत, त्यांना रोजाने बोलवावे, आणि प्राध्यापकांच्या सहीपूर्वी त्यांचा शेरा लॉगबुकात उतरलाच पाहिजे, असा हुकूम विद्यापीठाने काढावा.