नावं पुरती वाचू द्या

वर्षभर एक गोष्ट खुपते आहे. मालिकेचा भाग संपला रे संपला की कलाकारांची नावं आक्रसून कोपऱ्यात जातात आणि पुढचा भाग सुरू होतो. नायक सगळ्यांना ठाऊकच असतो. त्याच्यासमोर उभं राहून प्रसंग पेलणारा कोण, हे कळण्याची ती एक जागा होती. तीही गेली.

२०२४ मध्ये लोकसभेची निवडणूक झाली, मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, ऑगस्टमध्ये अभिनेते विजय कदम गेले. तरी इथे लिहायचं आहे ते त्याच वर्षी मार्चमध्ये निवर्तलेल्या फ्रिट्झ वेपर या जर्मन अभिनेत्याविषयी. त्यांच्या निधनाच्या ज्या बातम्या वाचल्या, त्यांत ‘डेरिकचा सहायक’ हीच ओळख ठळक होती.

‘डेरिक’ ही म्युनिकच्या पोलिसांची मालिका १९७४ ते १९९८ चालली. २८१ भाग, शंभराहून अधिक देशांत प्रक्षेपण. डेरिक म्हणजे होर्स्ट टापर्ट, त्याच्या हाताखालचा हॅरी क्लाइन म्हणजे वेपर. हा हॅरी त्याआधी १९६९ पासून ‘डेर कोमिसार’ या मालिकेत होताच. म्हणजे एकच माणूस जवळपास तीस वर्षं. साहेबांची गाडी आणणारा म्हणून जर्मनीत त्याच्यावर विनोद झाले. पण डेरिक संशयिताला बोलतं करतो तेव्हा मागे गप्प उभ्या असलेल्या हॅरीकडे पाहा. आपल्याला आलेली शंका आधी त्याच्या चेहऱ्यावर उमटलेली असते. मान न हलवता, भुवई न उचलता हे करणं फार अवघड आहे.

आणि हा माणूस तेवढाच नव्हता. बर्नहार्ड विकी यांच्या ‘डी ब्र्युके’ या चित्रपटात (१९५९) युद्धाच्या अखेरच्या दिवसांत सात शाळकरी पोरं एक निरुपयोगी पूल राखायला उभी राहतात. त्यातून एकटा जिवंत उरणारा आल्बर्ट वेपर यांनी केला, वयाच्या अठराव्या वर्षी. ‘कॅबरे’त (१९७२) ते श्रीमंत मुलीवर डोळा ठेवणारे फ्रिट्झ झाले. पैशासाठी मागे लागलेला हा तरुण खरोखर प्रेमात पडतो, आणि मग आपण ज्यू आहोत हे लपवून ठेवलेलं सत्य त्याला बोलावं लागतं. नाझी बर्लिनच्या रस्त्यांवर उतरत असताना! नायिका लायझा मिनेलीच्या झगमगाटात हा कबुलीजबाब विसरला जातो, याचं मला दरवेळी वाईट वाटतं. पुढे २००२ पासून जवळपास वीस वर्षं ते ‘उम हिमेल्स विलन’ या मालिकेत मठातल्या नन्सशी भांडणारे महापौर होते.

२०१३ मध्ये टापर्ट तरुणपणी नाझींच्या वाफेन-एसएस या सशस्त्र दलात होते हे उघड झालं आणि झेडडीएफ वाहिनीने ‘डेरिक’चं पुनःप्रक्षेपण थांबवलं. निर्णय समजण्यासारखा आहे. पण नायकाच्या भूतकाळापायी सहकलाकाराची पंचवीस वर्षंही कपाटात गेली, याची हळहळ कुणी फारशी केली नाही.

म्हणून हा विशेष विभाग चरित्र अभिनेत्यांवर आहे. वाचकहो, तुमच्या आठवणीतला असा एखादा नट किंवा नटी, भूमिकेसह, आम्हाला जरूर लिहून कळवा. नाव मात्र पूर्ण लिहा.