आठवणीची मालकी कोणाची?

‘स्टार वॉर्स’ ही आवडती चित्रमालिका आज लातूरच्या घरातही फोर-के डिस्कवर पाहता येते. चित्र लखलखीत दिसते. परंतु १९७७ साली प्रेक्षकांनी ज्याच्यावर जीव लावला, तो चित्रपट त्या डिस्कवर नाही. जॉर्ज लुकास यांनी १९९७ मध्ये त्यात फेरफार केले, २०१२ मध्ये डिस्नेने मालकी विकत घेतली आणि २०२० च्या डिस्कवर बदललेलेच रूप आले. प्रेक्षकाला डिस्क मिळते. त्याने काय आठवावे हे मात्र मालक ठरवतो.

याउलट ‘मंथन’ (१९७६) गुजरातच्या ५ लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी २ रुपये देऊन उभा केला. त्याची पटकथा विजय तेंडुलकरांची. २०२४ मध्ये त्याची फोर-के प्रत कान महोत्सवात दाखवली गेली. तिच्यामागे फिल्म हेरिटेज फाउंडेशन आणि तेथील दूध सहकारी महासंघ उभे होते. मालक बदलला की जतनाचा हेतूही बदलतो, तो असा.

२००३ साली पुण्यातील आगीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची नायट्रेट रिळे जळाली. ती पुन्हा मिळणे नाही. म्हणूनच उरलेले मराठी चित्रपट मूळ रूपात सार्वजनिक खर्चाने जपावेत आणि जिल्ह्याच्या ग्रंथालयांत ते सर्वांना पाहता यावेत. ही मागणी चैनीची नव्हे. ती लोकांच्या हक्काची आहे.