पक्षकाराचा मृत्यू आणि मिळकतीवरील मनाई हुकूम

शेतजमिनीच्या किंवा घराच्या कब्जात हरकत करू नये, अशी कायम मनाई मागणारा दावा चालू असताना वादी किंवा प्रतिवादी मरण पावला, तर दावाही त्याच्याबरोबरच संपतो, असे मत कोर्टाच्या आवारात पुष्कळदा ऐकू येते. मनाई हुकूम व्यक्तीला उद्देशून असतो, जमिनीला नव्हे, हा या पूर्वपक्षाचा आधार असून, व्यक्तिगत दावा व्यक्तीबरोबर मरतो असे सांगणाऱ्या जुन्या लॅटिन सूत्राचा दाखलाही त्याला जोडला जातो.

यातले पहिले विधान खरे आहे. हुकूम मोडल्याबद्दल दिवाणी कैदेत माणसालाच ठेवता येते, बांधाला नाही. परंतु हुकूम कोणाला उद्देशून आहे आणि तो कशाच्या रक्षणासाठी आहे, हे दोन निराळे प्रश्न आहेत. मिळकतीच्या दाव्यात रक्षण होते ते मालकीचे, कब्जाचे किंवा वहिवाटीचे, आणि हे हक्क सामान्यतः वारसांकडे जातात. भारतीय उत्तराधिकार अधिनियम, 1925 च्या कलम 306 ने अब्रुनुकसानी, मारहाण व तत्सम शारीरिक इजा यांसारखे मोजके अपवाद सोडून मृताचे दावे चालवण्याचे हक्क प्रतिनिधींकडे सोपवले आहेत, म्हणजे लॅटिन सूत्राला उरलेली जागा फारच थोडी आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 22, नियम 1 मध्येही दाव्याचा हक्क शिल्लक राहत असेल तर पक्षकाराच्या मृत्यूने दावा संपत नाही, असे स्पष्ट म्हटले आहे. अर्थात मूळ हक्कच व्यक्तीपुरता असेल, उदाहरणार्थ मालकाच्या केवळ परवानगीने जागा वापरणाऱ्याचा, तर पूर्वपक्षाचे म्हणणे मान्य करावे लागते. पण तो अपवाद आहे.

याच्या उलट टोकाची समजूत अधिक घातक आहे. दावा मरत नाही, सातबारावर वारसनोंदही झाली आहे, मग कोर्टात आणखी काय करायचे, असे वारसांना वाटते. फेरफार मंजूर झाल्याने कोणी दाव्यात पक्षकार होत नाही. मुदत अधिनियम, 1963 च्या अनुच्छेद 120 नुसार वारसांना अभिलेखावर आणण्याचा अर्ज मृत्यूच्या तारखेपासून 90 दिवसांत करावा लागतो. तो न केल्यास मृतापुरता दावा उपशमित होतो, म्हणजे वकिलांच्या रोजच्या भाषेत ‘अबेट’ होतो, आणि त्यासाठी न्यायाधीशाने वेगळा हुकूम करण्याचीही गरज नसते. वादी 1 मार्चला वारला, तर ही मुदत 30 मे रोजी पुरी होते. त्यानंतर उपशमन रद्द करून घेण्यासाठी 60 दिवस मिळतात, ते जुलैअखेरीस सरतात, आणि मग विलंबमाफीचा अर्ज व पुरेसे कारण दाखवण्याची खटपट मागे लागते. एकटाच वादी असेल, तर दाव्याबरोबर तात्पुरती मनाईही जाते, आणि त्याच कारणावर नवा दावा लावण्यास आदेश 22 च्याच नियम 9 ची आडकाठी असते. पक्षकाराचा मृत्यू कळताच तो कोर्टाला कळवण्याचे कर्तव्य नियम 10अ ने वकिलावर टाकले आहे. प्रत्यक्षात मात्र मृत्यूच्या दाखल्यासह पुरसीस येते ती बहुधा पुढच्या तारखेला, आणि तोवर निम्मी मुदत गेलेली असते.

हुकूमनामा झाल्यानंतर प्रतिवादी वारला, तर पूर्वपक्षाला उरलासुरला आधारही राहत नाही. प्रभाकर अडिगा विरुद्ध गौरी या 2017 च्या निकालात, मिळकतीसंबंधीचा कायम मनाईचा हुकूमनामा मृत प्रतिवादीच्या वारसांविरुद्ध संहितेच्या कलम 50 खाली बजावता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. बापाला मनाई झालेली असताना मुलाने त्याच बांधावर नांगर घातला, म्हणून वादीने पुन्हा पहिल्यापासून दावा लावायचा, हे न्यायाला धरून झाले नसते. वारसांना अभिलेखावर आणण्याचा 90 दिवसांचा नियम दरखास्तीला, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाला, लागू नाही. आणि इतर दिवाणी हुकूमनाम्यांच्या दरखास्तीला 12 वर्षांची मुदत घालणाऱ्या मुदत अधिनियमाच्या अनुच्छेद 136 ने कायम मनाईच्या हुकूमनाम्याला कोणतीही मुदत घातलेली नाही.